सेटिंगची सोय, सर्व्हरला धोका
रबाळे एमआयडीसीतल्या डेटा सेंटरमधले सर्व्हर वेगवेगळ्या कंपन्यांचे. आतल्या लायब्ररी फाइल्स मात्र बऱ्याचदा त्याच. सेटिंग वाचणे, नोंदी ठेवणे ही कामे प्रोग्रामर नव्याने लिहीत नाहीत, तयार लायब्ररी जोडतात. त्यातला धोका डिसेंबर २०२१मध्ये दिसला. जावातील 'लॉगफोरजे' या लायब्ररीत, सेटिंगच्या फाइलमधील विशिष्ट खुणेच्या जागी बाहेरून मूल्य आणून भरण्याची सोय होती. तीच सोय नोंदींच्या मजकुरालाही लागू होती! लॉगिनच्या चौकटीत टाइप केलेली एखादी ओळ नोंदीत गेली, की सर्व्हरवर परका कोड चालू शके. तीव्रतेचे गुण १० पैकी १०. दुरुस्ती लगेच आली. पण लिनक्समध्ये सामाईक फाइल एकदा बदलली की तिच्यावर चालणाऱ्या प्रोग्रामना रीस्टार्टनंतर नवी मिळते, तसे इथे नव्हते. जावाचे बहुतेक ॲप्लिकेशन स्वतःची प्रत सोबत बाळगते, कधी दुसऱ्याच लायब्ररीच्या पोटात. ती आधी शोधावी लागते.