दूरचित्रवाणीचा बातमीदार आणि मैदान

दूरचित्रवाणीवर बातम्या सांगणाऱ्या माणसाचा चेहरा सर्वांच्या ओळखीचा असतो. त्याचे काम मात्र फार थोड्यांना ठाऊक असते. वसई-विरारमधील पुष्कळ मुलामुलींना आज या व्यवसायाची ओढ वाटते आणि पालकांना प्रश्न पडतो की, हे काम म्हणजे नेमके काय? त्या प्रश्नापुरताच विचार आम्ही येथे करणार आहोत.

मुंबईचे दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्या काळी बातमी आणणारा एक, लिहिणारा दुसरा आणि वाचणारा तिसरा अशी विभागणी असे. विशीही न ओलांडलेली स्मिता पाटील मराठी बातम्या वाचू लागली ती याच केंद्रावर. जीन्सवरच साडी नेसून ती कॅमेऱ्यापुढे बसे, असे सांगतात. प्रदीप भिडे यांनी तर चार दशके हे काम केले. ७ जून २०२२ रोजी ते गेले तेव्हा अनेकांना घरातला एक आवाज थांबल्यासारखे वाटले. शुद्ध उच्चार आणि संथ लय हे त्यांचे भांडवल. पुढे खासगी वाहिन्या आल्या आणि हे तिघे एकाच माणसात गोळा झाले. आता जो मैदानावर जातो तोच लिहितो, तोच बोलतो, आणि बहुधा घाईत बोलतो!

खेळाच्या बातमीत एक गैरसमज फार आहे. चित्र दिसते आहे, मग शब्द कशाला? याला आमचे उत्तर १८ जून १९८३ हे आहे. टनब्रिज वेल्स येथे झिंबाब्वेविरुद्ध भारताची ५ बाद १७ अशी दैना झाली असता कपिल देव यांनी नाबाद १७५ धावा काढल्या. त्या सामन्याचे चित्रीकरण झालेच नाही. तरीही ती खेळी आपल्याला पाठ आहे, ती धावफलकामुळे आणि तेथे हजर असलेल्यांनी लिहून ठेवल्यामुळे. वि. वि. करमरकर हे वृत्तपत्रातले गृहस्थ, पण वाहिनीवर जाणाऱ्यानेही त्यांच्याकडून शिकावे. 'महाराष्ट्र टाइम्स'मध्ये त्यांनी खेळाला मानाची जागा मिळवून दिली आणि क्रिकेटच्या शेजारी खो-खो, कबड्डीलाही बसविले. जेथे गर्दी नाही तेथेही जाऊन बसावे लागते, हे त्यांना उमगले होते.

आता आपल्याच गावचे उदाहरण घेऊ. पृथ्वी शॉ हा विरारचा मुलगा. क्रिकेटचे किट घेऊन वडिलांबरोबर लोकलने वांद्र्याकडे जाणारा हा मुलगा शेकडो प्रवाशांनी पाहिला असेल; बातमी म्हणून तो कोणाला दिसला नाही. नोव्हेंबर २०१३ मध्ये हॅरिस शील्डच्या सामन्यात त्याने आझाद मैदानावर ३३० चेंडूंत ५४६ धावा काढल्या आणि एका संध्याकाळीत कॅमेरे त्याच्याभोवती जमले. सचिन तेंडुलकर निवृत्त होऊन तेव्हा चारच दिवस झाले होते, त्यामुळे 'पुढचा सचिन' हे शब्द आयतेच हाती लागले. चौदा वर्षांच्या मुलाच्या डोक्यावर एवढे ओझे ठेवताना कोणी घटकाभर थांबले असते, तर बातमीचे काय बिघडले असते? पाचशे सेहेचाळीस हा आकडा पुरेसा बोलका होता.

या व्यवसायाची खरी परीक्षा पुढे झाली. ३० जुलै २०१९ रोजी क्रिकेट नियामक मंडळाने पृथ्वीवर उत्तेजकविरोधी नियमाखाली आठ महिन्यांची बंदी जाहीर केली. पडद्याखालच्या धावत्या पट्टीत 'उत्तेजक' आणि 'बंदी' एवढे दोन शब्द सहज मावतात. मंडळाचा निर्णय पुरता वाचणाऱ्याला मात्र आणखी तीन गोष्टी सापडत होत्या. सापडलेले द्रव्य टर्ब्युटालिन, म्हणजे खोकल्याच्या औषधांत सामान्यतः आढळणारे. ते अजाणता घेतले गेले, हे त्याचे स्पष्टीकरण मंडळाने मान्य केले होते. आणि बंदी मागील तारखेपासून, १६ मार्चपासून, धरली असल्याने ती १५ नोव्हेंबरलाच संपणार होती. म्हणजे आठ महिन्यांपैकी जेमतेम साडेतीन महिने उरले होते. नियम मोडला होता, यात शंका नाही. खेळाडूने औषधाची बाटली तपासूनच घ्यावी, हेही खरे. पण चूक आणि लबाडी यांतले अंतर प्रेक्षकाला सांगायचे ते बातमीदारानेच, आणि त्यासाठी त्याला मिळतो जेमतेम अर्धा मिनिट. तेवढ्यात हे बसवायचे, तर आधी ते कागद शांतपणे वाचलेले हवेत, टर्ब्युटालिन म्हणजे काय हे एखाद्या डॉक्टरला विचारलेले हवे, आणि विरारला फोन करण्यापूर्वी त्या घरात आज काय चालले असेल याची जाण हवी.

बंदी संपल्यावर दोनच दिवसांनी, १७ नोव्हेंबरला, पृथ्वी मुंबईकडून आसामविरुद्ध वानखेडेवर उतरला आणि त्याने ३९ चेंडूंत ६३ धावा काढल्या.