घरकर्जाचा खरा हिशेब

‘घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून’ ही म्हण ज्या काळी रूढ झाली, त्या काळी घर बांधणाऱ्याला विटा, चुना, लाकूड आणि गवंडी यांची चिंता असे. आज या चौघांच्या जोडीला आणखी एक गोष्ट विकत घ्यावी लागते, ती म्हणजे काळ. पगारदार माणसाजवळ घराची सगळी रक्कम एकदम नसते. ती त्याच्या हाती पंधरा-वीस वर्षांत यायची असते. ती वर्षे बँक त्याला आज उपलब्ध करून देते आणि त्यांची किंमत व्याज या नावाने घेते. विटांचा भाव आपण चार भट्ट्यांवर विचारतो. काळाचा भाव मात्र सहसा कोणी विचारीत नाही.

माध्यमिक शाळेत गणित शिकवीत असल्यामुळे कर्जाचे कागद घेऊन माझ्याकडे पालक येतात. बहुतेकांचा प्रश्न एकच असतो : ‘सर, हप्ता किती बसेल?’ हा प्रश्न चुकीचा नाही, पण एकटा असला म्हणजे घातक आहे. कारण हप्ता हवा तेवढा लहान करून मिळतो; त्यासाठी मुदत लांबविली की झाले. आणि घरकर्जाची खरी किंमत ठरते ती मुदतीवर.

आपल्या बेळगावकडच्या जुन्या माणसांना गहाण हा व्यवहार नवा नाही. कब्जेगहाणात सावकार जमिनीचा ताबा घेई व व्याजाऐवजी पीक खाई. नजरगहाणात ताबा ऋणकोकडेच राही. मुंबई इलाख्यात हिंदू ऋणकोला दामदुपटीचा नियमही लागू असे. एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये, असा तो नियम. पुष्कळांची अजूनही अशी समजूत आहे की व्याज मुद्दलापलीकडे जाऊच शकत नाही. पण जो दरमहा वेळेवर व्याज भरतो, त्याला या नियमाचा उपयोग तेव्हाही नव्हता. आजचे घरकर्ज बहुधा मालकीची कागदपत्रे बँकेत ठेवून होते. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने हा गहाणाचा एक प्रकार मानला आहे. ताबा आपलाच असतो, भिंतीला रंग आपण देतो, दारावर पाटी आपली असते. त्यामुळे घर गहाण आहे ही जाणीव फार लवकर पुसट होते.

आता आकड्यांकडे वळू. ३० लाख रुपये कर्ज, व्याजाचा दर साडेआठ टक्के आणि मुदत २० वर्षे असे धरू. मासिक हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले म्हणजे एकूण सुमारे ६२ लाख ४८ हजार रुपये होतात. मुद्दल ३० लाख, व्याज ३२ लाख ४८ हजार. येथे वाचक थोडा थबकतो, पण खरी समजून घेण्याची गोष्ट याच्या पुढे आहे.

दर महिन्याला व्याज आकारले जाते ते त्या वेळी शिल्लक असलेल्या मुद्दलावर. पहिल्या महिन्यात पूर्ण ३० लाख शिल्लक असतात. त्यांचे महिन्याचे व्याज २१,२५० रुपये. म्हणजे २६,०३५ च्या हप्त्यातून मुद्दलाकडे जातात फक्त ४,७८५ रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज थोडे कमी, मुद्दल थोडे अधिक, असे हे चक्र अत्यंत संथपणे फिरू लागते. पहिल्या वर्षभरात आपण ३ लाख १२ हजार भरतो आणि मुद्दल कमी होते सुमारे ६० हजारांनी. बरोबर दहा वर्षे झाली, अर्धे हप्ते संपले, ३१ लाखांहून अधिक रक्कम भरून झाली, तरी त्या दिवशी शिल्लक किती असते? जवळजवळ २१ लाख! दहा वर्षांत कर्ज अर्धे फिटले असेल असे प्रत्येकाला वाटते. प्रत्यक्षात एक-तृतीयांशही फिटलेले नसते. यात बँकेची लबाडी नाही. शिल्लकेवर व्याज आणि हप्ता समान, या दोन अटी घातल्या की गणित असेच येते. दहावीच्या वर्गातील चुणचुणीत मुलगा वहीच्या चार पानांत ते करून दाखवील.

हेच कर्ज १५ वर्षांचे केले तर हप्ता २९,५४२ होतो, म्हणजे महिन्याला साडेतीन हजारांनी जास्त. पण एकूण व्याज २३ लाख १८ हजारांवर येते. नऊ लाखांहून अधिक वाचतात. उलट मुदत ३० वर्षे केली तर हप्ता २३,०६७ इतकाच, तीन हजारांनीही कमी नाही. आणि व्याज ५३ लाखांच्या वर जाते. महिन्याच्या तीन हजारांच्या सवलतीसाठी साडेवीस लाख जास्त मोजायचे, असा तो सौदा आहे. काही कुटुंबांना तो करावाच लागतो, त्याबद्दल त्यांना नावे ठेवण्याचे कारण नाही. मात्र तो समजून केलेला असावा. मंजुरीपत्रावर सही करण्यापूर्वी शेवटचा हप्ता येईल तेव्हा आपले वय काय असेल, आणि थोरल्या मुलीचे महाविद्यालय कोणत्या वर्षी सुरू होईल, हे दोन आकडे कागदाच्या कोपऱ्यात लिहून पाहावेत. पालकांना मी हे लिहायला लावतो, तेव्हा खोलीत थोडा वेळ कोणी बोलत नाही.

याहूनही अवघड भाग बदलत्या दराचा. आपल्याकडील बहुतेक घरकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेल्या अशा नव्या कर्जांचा दर बाहेरच्या एखाद्या मानदराशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, जोडलेला असतो. हा रेपो दर मे २०२२ च्या आरंभी ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा झाला. अडीच टक्के म्हणजे काय मोठे, असे वाटेल. तेव्हा एक उदाहरण घेऊ. एका गृहस्थाने ३० लाख रुपये ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,२५९. एक वर्ष झाले, शिल्लक सुमारे २९ लाख २९ हजार. सोयीसाठी असे धरू की आता दर एकदम साडेनऊ झाला. त्या शिल्लकेचे महिन्याचे व्याज होते २३,१८५ रुपये. हप्ता पूर्वीचाच ठेवला तर मुद्दलाला उरतात ७४ रुपये. या गतीने कर्ज फिटायला साठ वर्षांहून अधिक लागतील!

असे पुष्कळांच्या बाबतीत थोड्याफार फरकाने घडले. दर वाढला की कर्ज देणारी संस्था बहुधा हप्ता तोच ठेवते आणि मुदत वाढविते. हप्ता बदलला नाही म्हणून घरात कोणाच्या लक्षात येत नाही. माझ्या परिचयातील एका पालकांचे असेच झाले. ते निवृत्तीपूर्वी तीन वर्षे मोकळे होणार होते. दोन वर्षांनी सहज उतारा काढला तर शेवटचा हप्ता निवृत्तीनंतर पुष्कळ वर्षांनी येणार होता. पत्र आले नव्हते असे नाही. आले होते, पण त्यातील ‘आपल्या हप्त्यात कोणताही बदल नाही’ हे वाक्य वाचून त्यांनी समाधानाने ते फाइलीत ठेवले होते.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी याविषयी नियम केले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे निवडण्याची संधी ऋणकोला दिली पाहिजे. आणि मुदत वाढविल्यामुळे हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी स्थिती येऊ देता कामा नये. शिवाय दर तिमाहीस आतापर्यंत गेलेले मुद्दल, गेलेले व्याज, उरलेले हप्ते आणि चालू दर दाखविणारे विवरण मिळाले पाहिजे. हे विवरण न मिळाल्यास मागून घ्यावे आणि त्यातील ‘उरलेले हप्ते’ हा आकडा प्रथम पाहावा. २०२५ साली रेपो दर पुन्हा उतरला. फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात सव्वा टक्क्याने तो सव्वापाचावर आला. दर उतरतो तेव्हा आपल्या कर्जाचाही उतरला का, हे विचारणे हे ऋणकोचेच काम. जुन्या पद्धतीच्या दराची कर्जे अजून कित्येकांकडे आहेत. अर्ज करून व थोडे शुल्क भरून ती नव्या दरात बदलून घेता येतात. अर्ध्या टक्क्याचा फरक क्षुल्लक समजू नये. वरच्याच ३० लाखांवर साडेआठऐवजी आठ टक्के पडले तर २० वर्षांत सव्वादोन लाख वाचतात. आणि दर उतरला तरी हप्ता पूर्वीएवढाच चालू ठेवावा. मुदत आपोआप आखडते.

मुदत आखडण्याचा दुसरा मार्ग म्हणजे मधूनमधून जास्तीची रक्कम भरणे. बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेऊ नये असे रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ सालीच बजावले आहे. पहिल्या उदाहरणात दरवर्षी एकच हप्ता जास्त भरला, म्हणजे बाराऐवजी तेरा, तर कर्ज सुमारे सव्वातीन वर्षे आधी फिटते आणि सहा लाखांहून अधिक व्याज वाचते. मात्र केव्हा भरता याला फार महत्त्व आहे. पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख भरला तर पुढे सुमारे ३ लाख ७० हजार व्याज टळते. तोच एक लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरला तर केवळ ५० हजारांच्या आसपास. आपली माणसे बहुधा उलट करतात. आरंभीच्या वर्षांत पडदे, कपाटे आणि वास्तुशांतीची किंवा घरभरणीची जेवणे. जास्तीचे पैसे भरायची आठवण निवृत्ती जवळ आल्यावर. रक्कम भरताना ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे अर्जात स्पष्ट लिहावे.

कर्जाच्या कडेने येणारे खर्चही आहेत : अर्जाचे शुल्क, वकिलाचा अभिप्राय, मूल्यांकन, मुद्रांक, नोंदणी. हे एकदाच लागतात आणि दिसतात, म्हणून त्यांची फारशी भीती नाही. न दिसणारा खर्च एकरकमी विम्याचा. समजा, ६० हजारांचा हप्ता कर्जातच मिळवून टाकला. आता त्यावरही वीस वर्षे साडेआठ टक्के चालू, आणि तो पडतो सव्वा लाखाला. कमावत्या माणसामागे कुटुंबावर कर्ज पडू नये म्हणून विमा असावा हे खरे. पण तो त्याच बँकेकडून आणि कर्जातच मिळवून घ्यावा अशी सक्ती रिझर्व्ह बँकेची नाही. साधा मुदतीचा विमा वेगळा घेऊन त्याचा वार्षिक हप्ता भरणे पुष्कळदा स्वस्त पडते. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जांसोबत मुख्य तथ्यांचे एक पत्रक देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्के धरून येणारा वार्षिक दर एका आकड्यात दिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दराने न करता या आकड्याने करावी.

या सगळ्यावरून कर्ज काढूच नये असा अर्थ कोणी काढू नये. व्याजाचे ३२ लाख हा आकडा भीतिदायक असला तरी वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो, आणि तेवढी वर्षे भाडेही भरावे लागले असते. जो नऊ हजार भाडे वाचविण्यासाठी सव्वीस हजारांचा हप्ता घेतो आणि जो बावीस हजार वाचविण्यासाठी घेतो, त्यांचा हिशेब एक नाही. प्राप्तिकराची सवलत तर आता अनेकांना लागूही होत नाही. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घरासाठी वर्षाला २ लाखांपर्यंतचे व्याज उत्पन्नातून वजा होते. २०२३-२४ पासून रूढ मानलेल्या नव्या पद्धतीत ती वजावट नाही. जिथे आहे तिथेही वीस टक्क्यांच्या पायरीवर दोन लाखांमागे कर वाचतो तो ४० हजार व वरचा उपकर. ‘कर वाचविण्यासाठी कर्ज’ हे मला कधीच उमगले नाही.

आमच्या मुसलमान समाजात व्याज देणेही निषिद्ध मानून बँकेचे कर्ज टाळणारी कुटुंबे बरीच आहेत. भारतात बिनव्याजी बँकिंग सुरू करण्याचा प्रस्ताव पुढे न नेण्याचे रिझर्व्ह बँकेने ठरविले, हे २०१७ साली उघड झाले. तेव्हा त्यांच्यापुढे मार्ग थोडे. ती नातेवाइकांकडून उसने घेतात, दागिने मोडतात, किंवा बांधकाम करणाऱ्याला लांबलेल्या हप्त्यांत वाढीव किंमत देतात. धर्माचा निर्णय जाणत्यांनी द्यावा. गणित एवढेच विचारते की रोख किंमत किती आणि हप्त्यांची एकूण बेरीज किती. त्या दोहोंतील अंतराला कोणतेही नाव दिले तरी ते अंतर घरातूनच जाते, म्हणून तेथेही दोन्ही आकडे लेखी मागून घ्यावेत.

शेवटचा हप्ता भरला की काम संपले असे समजणारे पुष्कळ आहेत. बँकेकडून कर्ज निरंक झाल्याचे पत्र घ्यावे. कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत दिली पाहिजेत, आणि संस्थेच्या चुकीने उशीर झाल्यास प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळाली पाहिजे. १ डिसेंबर २०२३ पासून हा नियम लागू आहे. कागद घेताना कर्जाच्या वेळी दिलेल्या यादीशी ते एकेक करून ताडून पाहावेत; म्हणून ती यादी पहिल्या दिवसापासून जपून ठेवलेली असावी. त्यानंतर उपनिबंधक कार्यालयात गहाणाची नोंद असेल तर ती उतरवून घ्यावी आणि ज्याला आपल्याकडे सगळे ‘ई. सी.’ म्हणतात तो दाखला काढून, त्यात बोजा राहिलेला नाही ना, हे घरातील दोघांनी तरी वाचून पाहावे.