मागचे शॉकअप थकले हे कसे ओळखावे?

रायपूरमध्ये शारदा चौकाकडून तात्यापाऱ्याकडे येताना तुमची छोटी क्रॉसओव्हर गतिरोधक ओलांडूनही मागून डोलत राहते का? मग मागचे शॉकअप तपासा.

गाडीचे वजन स्प्रिंग पेलते. शॉकअप स्प्रिंगची उसळी आवरतो. आतला दट्ट्या तेलातून सरकतो, बारीक झडपा तेलाला अडवतात आणि हालचालीची ऊर्जा उष्णता होऊन निघून जाते. सील झिजले की तेल पाझरते. मग टायर रस्ता नीट धरत नाहीत आणि ब्रेक लावल्यावर थांबायला जास्त अंतर लागते.

मागचा कोपरा दाबून सोडा. गाडी पुन्हा पुन्हा उसळली, तर शंका घ्या. शॉकअपवर ओघळलेले तेल आणि टायरवर ठिकठिकाणी पडलेले खोलगट खळगे या शंकेला बळ देतात.

शॉकअप जोडीनेच बदलावेत. बोल्ट सोडण्याआधी गाडी स्टँडवर आणि ॲक्सलखाली जॅक हवाच; नाहीतर ॲक्सल झटक्यात खाली येतो, ब्रेकची नळी ताणली जाते. रबरी बुशचे बोल्ट मात्र गाडीचे वजन चाकांवर आल्यावरच पूर्ण आवळावेत. अधांतरी आवळल्यास रबर कायम पिळलेले राहते आणि लवकर फाटते. मेकॅनिककडे एवढा आग्रह जरूर धरा.