मंडल बांधण्यापूर्वीची परीक्षा

रेडिओ, शेतीपंपाचा ऑटो स्टार्टर, रुग्णालयातील हृदयाचे ठोके नोंदविणारे यंत्र अशा अनेक उपकरणांच्या अंतरंगात इलेक्ट्रॉनिक मंडल असते. रोधक, धारित्र, ट्रँझिस्टर आदी घटक परस्परांना जोडून ते सिद्ध होते. एका घटकाचे मूल्य चुकले तरी सबंध यंत्र निकामी होऊ शकते. म्हणूनच मंडल घडविण्यापूर्वी त्याची परीक्षा घेणे अगत्याचे असते.

पूर्वी अभियंते सुटे घटक फळीवर जोडीत, मापकाने विद्युतदाब मोजीत आणि एकेक घटक बदलून पाहत. १९६० नंतरच्या दशकात सिलिकॉनच्या चिमुकल्या तुकड्यावर संपूर्ण मंडल घडविण्याचे तंत्र रूढ झाले आणि ही रीत अपुरी पडली. त्या तुकड्यातील ट्रँझिस्टर काढून दुसरा बसविता येत नाही. चूक आढळल्यास तुकडा नव्याने घडवावा लागे आणि वेळ व पैसा दोन्ही वाया जात.

यावरील उपाय कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कली येथील शाखेत निघाला. प्राध्यापक रोनाल्ड रोहरर यांच्या वर्गात सुरू झालेल्या कार्यातून लॉरेन्स नेगल यांनी प्राध्यापक डोनाल्ड पेडरसन यांच्या मार्गदर्शनाखाली ‘स्पाइस’ ही संगणकाची आज्ञावली सिद्ध केली. १९७३ मध्ये कॅनडातील वॉटर्लू येथील परिषदेत ती मांडण्यात आली.

परीक्षा कशी होते?

कोणता घटक कोणत्या बिंदूंमध्ये जोडला आहे व त्याचे मूल्य किती, याची यादी अभियंता संगणकाला देतो. जोडबिंदूत जेवढा प्रवाह येतो तेवढाच बाहेर पडतो, या किरखोफ यांच्या नियमानुसार संगणक प्रत्येक बिंदूचे समीकरण मांडतो. समजा, १२ व्होल्टच्या बॅटरीला १,००० व २,००० ओहमचे रोधक एकापुढे एक जोडले. प्रवाह ४ मिलिअँपिअर येतो व मोठ्या रोधकावर ८ व्होल्ट दाब मिळतो. हे गणित शाळेतील विद्यार्थीही करील. परंतु ट्रँझिस्टरमधील प्रवाह दाबाच्या सरळ प्रमाणात वाढत नाही. तेथे आधी अंदाज धरून तो पुनःपुन्हा सुधारावा लागतो. असे शेकडो ट्रँझिस्टर असता हे काम माणसाच्या आवाक्याबाहेरचे होते. संगणक ते न थकता करतो.

विद्या सर्वांसाठी खुली

ही आज्ञावली कोणा एकाच्या मालकीची न ठेवता सर्वांना खुली करावी, असा पेडरसन यांचा आग्रह होता. त्यामुळे १९७५ च्या सुधारित आवृत्तीसह ती विद्यापीठांत व कारखान्यांत झपाट्याने पसरली. आजच्या अनेक आज्ञावल्यांचे मूळ तिच्यातच आहे. मुंबईच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत विकसित झालेली ‘ईसिम’ ही आज्ञावलीही याच परंपरेतील असून ती विनामूल्य उपलब्ध आहे. महागडी आज्ञावली विकत घेणे ज्या महाविद्यालयास परवडत नाही, तेथील विद्यार्थ्यासही त्यामुळे हा अभ्यास करता येतो.

मात्र संगणकाचे उत्तर त्याला पुरविलेल्या माहितीइतकेच खरे असते. सैल जोड किंवा घटकाचे अतिरिक्त तापणे हिशेबात घेतले नसेल, तर पडद्यावर निर्दोष ठरलेले मंडल प्रत्यक्षात बंद पडू शकते. म्हणून संगणकावरील परीक्षेनंतरही प्रयोगशाळेतील अखेरची चाचणी आवश्यकच राहते.