खताच्या पिशवीवरचे नाव नेमके काय सांगते?

मिरज : फळछाटणी जवळ आली, की मिरज पूर्व भागातील द्राक्ष बागायतदारांच्या तोंडी आकडे असतात. तेरा-शून्य-पंचेचाळीस, शून्य-बावन्न-चौतीस, बारा-एकसष्ट-शून्य. दुकानात खत मागायचे तेही याच भाषेत. आकडे पाठ असतात. खाली छापलेले पोटॅशियम नायट्रेट किंवा मोनो पोटॅशियम फॉस्फेट हे नाव मात्र नजरेआड राहते. टाकीत पांढरा साका बसून ठिबकचे ड्रिपर बंद पडले, तर कारण अनेकदा त्या नावातच सापडते.

नावात दोन भाग का?

युरियासारखे अपवाद सोडले, तर बहुतेक विद्राव्य खते म्हणजे क्षार. क्षारात विजेचा प्रभार असलेले दोन प्रकारचे कण असतात. त्यांना आयन म्हणतात. नाव लिहिताना धन आयन आधी, ऋण आयन नंतर. पोटॅशियम, कॅल्शियम, मॅग्नेशियम, जस्त, अमोनियम हे धन. क्लोराईड, नायट्रेट, सल्फेट, फॉस्फेट हे ऋण. शेपटीही बोलकी आहे. शेवटी ‘आईड’ असेल तर सहसा एकटे मूलद्रव्य, ‘एट’ असेल तर सोबत ऑक्सिजन.

कॅल्शियमवर दोन धन प्रभार आणि नायट्रेटवर एक ऋण, म्हणून कॅल्शियम नायट्रेटमध्ये एका कॅल्शियममागे दोन नायट्रेट असतात. हा ‘दोन’ नावात येत नाही, कारण प्रभारावरून तो कळतोच. लोहाचे तसे नाही. त्याच्यावर दोन प्रभार असले तर फेरस, तीन असले तर फेरिक. हिराकस म्हणजे फेरस सल्फेट. चुनखडीच्या जमिनीत त्यातील फेरसचे लवकर फेरिक होते आणि मुळांना ते घेता येत नाही. हिराकस टाकूनही पाने पिवळी राहतात ती यामुळे.

आकड्यांची गंमत वेगळीच. 0:52:34 मधील 52 हे स्फुरदाच्या आणि 34 हे पोटॅशियमच्या ऑक्साईडचे प्रमाण. पण पिशवीत ही ऑक्साईडे नसतातच. ती हिशेबाची जुनी रीत आहे.

साका कुठून येतो?

पाण्यात विरघळताच जोड्या सुटतात आणि आयन मोकळे फिरतात. कॅल्शियम नायट्रेट आणि मॅग्नेशियम सल्फेट एकाच बादलीत दाट कालवले, तर कॅल्शियमला सल्फेट भेटते आणि जिप्सम तयार होते. ते पाण्यात फार कमी विरघळते. 0:52:34 किंवा 12:61:0 सोबत घातले तर कॅल्शियम फॉस्फेटचा साका होतो. म्हणजे ड्रिपर तुंबतात आणि पैसे देऊन आणलेले स्फुरद टाकीच्या तळाशी जाते. म्हणूनच कॅल्शियमचे खत वेगळ्या दिवशी किंवा वेगळ्या टाकीतून सोडतात.

नावाचा दुसरा भाग पिकालाही कळतो. लाल पोटॅश म्हणजे पोटॅशियम क्लोराईड. ते स्वस्त असते, पण द्राक्षवेलीला क्लोराईड सोसत नाही, पानांच्या कडा करपतात. कृष्णाकाठच्या क्षारपड जमिनीत तर आधीच क्षार साचलेले. तिथे महाग असूनही पोटॅशियम सल्फेट, म्हणजे 0:0:50, परवडते.

खिळ्याची परीक्षा

दावण्यासाठी वापरले जाणारे बोर्डो मिश्रण फ्रान्समधील मिलार्डे यांनी 1885 मध्ये पुढे आणले. एक टक्का मिश्रणाला 100 लिटर पाण्यात एक किलो मोरचूद आणि साधारण तेवढाच चुना लागतो. मोरचूद म्हणजे कॉपर सल्फेट. विरलेला चुना म्हणजे कॅल्शियम हायड्रॉक्साईड. (इथे ‘आईड’ असूनही ऑक्सिजन आहे. नियमाला हा एक ठळक अपवाद.) चुना कमी पडला, तर तांब्याचे आयन मोकळे राहतात आणि कोवळी पाने जाळतात. ते ओळखायला प्रयोगशाळा लागत नाही. घासून चकचकीत केलेला लोखंडी खिळा मिश्रणात थोडा वेळ बुडवायचा. त्यावर तांबूस थर चढला, तर तांबे अजून मोकळे आहे. मग आणखी चुन्याची निवळी घालायची, ढवळायचे आणि खिळा घासून पुन्हा बुडवायचा.