बहुरूपी चिंतामणराव कोल्हटकर

नाटकांतील नायकाच्या वांट्याला टाळ्या येतात, खलनायकाच्या वांट्याला शिव्या. पण खलनायक लटका पडला तर नायकाचें धैर्यही पोकळ वाटूं लागतें. मराठी रंगभूमीवर हें अवघड काम निष्ठेनें करणारे नट म्हणजे चिंतामणराव कोल्हटकर.

चिंतामणरावांचा जन्म १८९१ सालचा. किर्लोस्कर नाटक मंडळींतून बाहेर पडून १९१८ सालीं त्यांनीं मास्टर दीनानाथ मंगेशकर व कृष्णराव कोल्हापुरे यांच्यासह 'बलवंत संगीत मंडळी' काढली. दीनानाथांचा गळा आणि चिंतामणरावांचा गद्य अभिनय ही त्या मंडळीची दोन चाकें. गडकऱ्यांच्या 'भावबंधन' नाटकांत दीनानाथ लतिका होत आणि चिंतामणराव घनःश्याम. लतिकेनें केलेल्या अपमानानें डिवचलेला घनःश्याम सूड उगवूं पाहतो. अशी भूमिका नुसते डोळे वटारून वठत नाहीं. गडकऱ्यांचीं लांबलचक, नादमधुर वाक्यें शेवटच्या रांगेपर्यंत पोहोंचवावीं लागतात आणि त्यांतला दंशही जाणवूं द्यावा लागतो.

१९३१ सालीं 'आलम आरा' आला, पुढच्याच वर्षीं 'अयोध्येचा राजा' मराठींत बोलूं लागला, आणि नाटकगृहें ओस पडूं लागलीं. तेव्हां बलवंतनेंही सांगलींत 'बलवंत पिक्चर्स' उभारली. विष्णुदास भावे यांनीं १८४३ सालीं 'सीतास्वयंवर' केलें तें याच गांवीं! १९३४ सालीं 'कृष्णार्जुन युद्ध' हा बोलपट निघाला. दिग्दर्शन चिंतामणरावांचें व विश्राम बेडेकरांचें, आणि पडद्यावर दीनानाथ.

पण या धंद्याचें गणितच निराळें. नाटक मंडळी आज पडलेला प्रयोग उद्यां सुधारूं शकते. रोजच्या उत्पन्नावर रोजचा संसार हांकते. बोलपटांत मात्र पहिलें तिकीट विकलें जाण्यापूर्वींच सारें भांडवल खर्ची पडतें, आणि एकदां छापलेली चूक दुरुस्त होत नाहीं. बलवंतला नुकसान सोसलें नाहीं; मंडळी मोडली.

चिंतामणराव मात्र मोडले नाहींत. १९५७ सालीं त्यांनीं 'बहुरूपी' हें आत्मचरित्र प्रसिद्ध केलें. १९५८ सालीं त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९५९ सालीं ते निवर्तले. नटाची कला पडद्याबरोबर मावळते. ज्यांनीं तो घनःश्याम पाहिला ते प्रेक्षकही आतां गेले. तरी त्या काळच्या नाटकवाल्यांचें बिऱ्हाड, त्यांचीं भांडणें, कर्जें आणि तालमी 'बहुरूपी'च्या पानांत नांदत आहेत. आयुष्यभर दुसऱ्यांचे शब्द बोललेल्या या नटाला त्याच्या स्वतःच्या शब्दांनींच टिकवून धरलें.