टॅबवर गेम कोणी टाकायचे?

मैत्रिणींनो, घरात नवी वस्तू आली की तिची ओळख कोणी करून घ्यायची, हे आपल्याकडे जणू ठरलेलेच असते. मिक्सर आला की माहितीपुस्तक आपण वाचायचे, टीव्ही आला की घरातल्या पुरुषांनी, आणि टॅब आला की मुलांनी! खोक्यातून निघाल्याबरोबर दहा वर्षांचा मुलगा तो हातात घेतो, भराभर काहीबाही दाबतो, आणि आपण कौतुकाने म्हणतो, "ह्याला सगळं येतं हो! मला तर तो बंदसुद्धा करता येत नाही." हे वाक्य मी स्वतः चारचौघींत म्हटलेले आहे. त्याची किंमत ४,९९९ रुपये पडली, आणि ती कशी, ते आधी सांगितलेले बरे.

गेल्या वर्षी स्कॉलरशिपच्या अभ्यासासाठी म्हणून आम्ही साडेआठ हजारांचा टॅब घेतला. खोक्यावर ३२ जीबी जागा आणि ३ जीबी रॅम असे छापलेले होते. घरात वायफाय नाही. सासूबाईंकडे दोन सिम कार्डे, त्यातले एक नुसतेच पडलेले, ते टॅबमध्ये घातले. त्या नंबरावर त्यांच्या पेन्शनच्या बँकेचे मेसेज येतात, हे माहीत होते. पण टॅब घरातच तर राहणार, म्हणून कोणी मनावर घेतले नाही.

अभ्यास झाल्यावर गेम खेळायचे, असा करार झाला. चिरंजीवांनी तीन गेम टाकले. चौथ्याला टॅबने नकार दिला. "आई, जागा नाही म्हणतोय. काय काढू?" माझे हात कणकेत. "नंतर बघू." दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच, मी पेपर तपासत होते. "नंतर बघू रे." तिसऱ्यांदाही मी तेच म्हटले. चौथ्यांदा त्याने विचारलेच नाही.

कारण मित्राने व्हॉट्सअ‍ॅपवर एक फाइल पाठवली होती. 'हा लाइट गेम आहे, जागा कमी लागते, सगळ्या लेव्हल उघडतात.' टॅबने बजावले की ही फाइल अनोळखी ठिकाणची आहे. त्याने परवानगी दिली. गेमने विचारले, मेसेज वाचू का? त्याने हो म्हटले. मग गेमने लेव्हल उघडायला १ रुपया मागितला, कार्डाने. एक रुपयाच तर आहे, असे म्हणून त्याने आजीच्या पर्समधले कार्ड काढले आणि नंबर भरला. ओटीपी त्याला विचारावाच लागला नाही. तो मेसेज टॅबवरच आला आणि त्या गेमने वाचून घेतला.

रात्री जेवण झाल्यावर सासूबाई टॅबवर प्रवचन ऐकायला बसल्या आणि म्हणाल्या, "अगं, बँकेतून ४,९९९ रुपये काढल्याचा मेसेज आलाय. मी कुठे काढले?"

पुढचा तास काय सांगू! बँकेला फोन करून कार्ड बंद केले, सायबर फसवणुकीसाठी देशभर चालणाऱ्या १९३० या क्रमांकावर तक्रार नोंदवली, सिम काढून घेतले. आणखी पैसे गेले नाहीत. पण गेलेले परत आले नाहीत. कार्डाचा नंबर घरातूनच दिला गेला होता, असे बँकेचे म्हणणे पडले. मुलगा रडून रडून न जेवता झोपला. सासूबाई त्याला एक शब्द बोलल्या नाहीत. मलाच म्हणाल्या, "त्यानं तुला तीनदा विचारलं होतं ना?"

मैत्रिणींनो, पुष्कळ विचार केल्यावर मला वाटते की गोष्ट सुरू झाली ती त्या 'जागा नाही'पासून. महागड्या टॅबवर ही अडचण सहसा येत नाही. आपल्यासारख्यांच्या स्वस्त टॅबवर ती महिन्याभरात येते, आणि सरळ दार बंद झाले की मुले मागच्या दाराने जातात. तेव्हा सरळ दार उघडे कसे ठेवायचे, ते आपणच शिकलेले बरे. एका दुपारचे काम आहे. मला आले म्हणजे तुम्हालाही येईल.

टॅबची जागा म्हणजे आपली कोठीची खोली आणि रॅम म्हणजे ओटा, असे समजा. खोक्यावर ३२ जीबी लिहिलेले असले, तरी ती सगळी कोठी आपल्याला मिळत नाही. अँड्रॉइड आणि कंपनीने आधीच भरून दिलेली अ‍ॅप्स बरीच जागा खातात. आमच्या टॅबवर पहिल्याच दिवशी १२ जीबीच्या आसपास जागा गेलेली होती. उरलेल्यात अभ्यासाचे व्हिडिओ, व्हॉट्सअ‍ॅपचे फोटो आणि गेम. सेटिंगमध्ये स्टोरेज म्हणून जे पान असते, त्यावर कशाने किती जागा घेतली ते दिसते. आमच्याकडे सगळ्यात जास्त जागा गेमने नव्हे, तर नातेवाइकांच्या 'सुप्रभात'च्या चित्रांनी आणि लग्नाच्या व्हिडिओंनी अडवली होती! ते सगळे मेमरी कार्डावर हलवले. कार्ड स्वस्त मिळते, पण एक लक्षात ठेवा. गेम मात्र सहसा टॅबच्या आतल्या जागेतच बसतात, कार्डावर बसत नाहीत. म्हणून कार्ड घेतले की हवे तेवढे गेम मावतील, या भ्रमात राहू नये.

ओट्याचे निराळे. कोठी कितीही मोठी असली तरी लहान ओट्यावर एका वेळी दोनच भांडी मावतात. ३ जीबी रॅमच्या टॅबवर मोठमोठ्या मोटारशर्यतींचे आणि लढायांचे गेम अडखळतात, मध्येच बंद पडतात, टॅब तापतो, आणि मुलगा टॅबवर थापा मारू लागतो. प्ले स्टोअर कधी कधी सरळच सांगते की हा गेम या उपकरणाशी जुळत नाही. तिथे हट्ट चालत नाही. 'जुळवून देतो' म्हणून कोणी फाइल पाठवली, तर ती आमच्याकडे आली तशीच समजावी.

आता गेम टाकण्याची रीत. प्ले स्टोअरमध्ये गेमचे नाव शोधले की त्याच्या पानावर आधी बारीक अक्षरे वाचायची, जशी आपण तेलाच्या डब्यावरची वाचतो. जाहिराती आहेत का, गेमच्या आत खरेदी आहे का, आणि ३+, ७+, १२+ असे वय किती दिले आहे, हे तिथेच असते. 'या गेमविषयी' या भागात अगदी खाली गेल्यावर डाउनलोडचा आकार लिहिलेला असतो. पण तेवढ्यावर हिशेब करू नका हो. काही गेम लहान म्हणून आत येतात आणि पहिल्यांदा उघडल्यावर आणखी भलेमोठे सामान उतरवून घेतात. मी तर लिहिलेल्या आकाराच्या दुप्पट जागा धरते आणि शिवाय ४ जीबी रिकामे ठेवते, कारण कोठी गच्च भरली की सगळा टॅबच मंद होतो. गेम बनवणाऱ्याचे नावही पाहावे. गाजलेल्या गेमच्या नावासारखे नाव आणि चित्र लावून भलतेच काही ठेवलेले असते.

शिवाय रोजचा दीड जीबीचा डेटा! एक मोठा गेम उतरवला की दुपारच्या ऑनलाइन तासाला नेट नाही. प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये, अपडेट फक्त वायफायवर व्हावेत, असे ठरवता येते. आमच्याकडे मोठे डाउनलोड रविवारी माझ्या भावाच्या घरी होतात. मामाही खूश, भाचाही खूश.

जुना गेम काढताना मुलाला विचारल्याशिवाय काढू नका. बऱ्याच गेममध्ये मुलाने कुठवर मजल मारली ती नोंद टॅबवरच असते, गेम काढला की ती गेली. मी एकदा न विचारता गेम काढला, तेव्हा जे रडणे ऐकले ते ४,९९९ रुपयांच्या रात्रीपेक्षा फारसे कमी नव्हते. त्या वेळी मला ते हास्यास्पद वाटले. नंतर वाटले, कोणी माझे अर्धे विणलेले स्वेटर उसवले असते तर?

कुलपांचे सांगते. सेटिंगमध्ये अ‍ॅप्सच्या विशेष परवानग्यांत 'अनोळखी अ‍ॅप इन्स्टॉल करणे' असे काहीसे असते. नावे टॅबप्रमाणे थोडी बदलतात. तिथे व्हॉट्सअ‍ॅप, ब्राउझर, फाइल्स यांची यादी दिसते. सगळ्यांना 'नाही' करून टाका. अँड्रॉइडच्या आठव्या आवृत्तीपासून, म्हणजे २०१७ सालापासून, ही परवानगी प्रत्येक अ‍ॅपला वेगळी असते, म्हणून एकाला 'नाही' केले म्हणजे झाले असे नाही. प्ले स्टोअरमध्ये प्ले प्रोटेक्ट नावाची तपासणी आहे, ती सुरू आहे ना ते पाहा. तिथेच खरेदीच्या पडताळणीचा पर्याय असतो, तो 'दर वेळी' वर ठेवा. आणि गेम कशाची परवानगी मागतो ते मोठ्याने वाचा. लुडोला आपले मेसेज कशाला हवेत?

मुलाचे खाते आपल्या फोनशी फॅमिली लिंकने जोडले, तर त्याने गेम मागितला की आपल्या फोनवर विचारणा येते आणि आपण होकार दिल्यावरच तो उतरतो. झोपेची वेळही लावता येते. बँकेशी जोडलेले सिम मात्र मुलाच्या टॅबमध्ये नको म्हणजे नकोच. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने बंदीचा कायदा केला आहे, तेव्हा 'रमी खेळा, बोनस मिळवा' अशी लिंक घरातल्या मोठ्यांनीही उघडायची नाही. हे मी दिरांना उद्देशून लिहिलेले नाही, बरं का!

मग टाकायचे तरी कोणते? आमच्या टॅबवर चांगले चालणारे सांगते. बुद्धिबळासाठी लीचेस आहे, फुकट आणि जाहिरातींशिवाय; नेट नसले तरी टॅबशी डाव मांडता येतो. लहान भावंडासाठी जीकॉम्प्री. २ ते १० वर्षांच्या मुलांसाठीचे शंभरावर छोटे खेळ त्यात आहेत, बेरजा, घड्याळ, कोडी, आणि एकही जाहिरात नाही. नावाचा उच्चार फ्रेंचमधल्या 'मला समजले' या शब्दांसारखा आहे, हे वाचून मला मोठी गंमत वाटली. ५ ते ७ वर्षांच्या मुलांना स्क्रॅच ज्युनिअर द्यावे. तुकडे जोडून मांजराला चालवायचे, उडवायचे. चिरंजीवांचे म्हणणे पडले, हे सगळे बाळबोध आहे. म्हणून त्याच्या आवडीचा क्रिकेटचा एक गेमही ठेवला आहे. त्यात जाहिराती फार येतात; खेळताना नेट बंद केले की बऱ्याचशा थांबतात.

हल्ली रविवारी जेवण झाल्यावर आम्ही दोघे टॅब घेऊन बसतो. तो गेम सुचवतो, मी चष्मा लावून बारीक अक्षरे वाचते, मग होय-नाही. कधी वादही होतात. मागच्या रविवारी सासूबाई म्हणाल्या, "मला ते पत्त्यांचं पेशन्स टाकून दे रे." त्याने टाकून दिले. आता दुपारी टॅब त्यांच्याकडे असतो आणि वेळेवरून भांडण आजी-नातवाचे लागते. कोणाचा किती वेळ, याचा तोडगा तुमच्या घरी निघाला असेल तर अंकाच्या पत्त्यावर जरूर लिहून पाठवा.